अन्ननलिकेचा कर्करोग : आरोपी कोण?



विडी कामगारांच्या संघटनेतला माणूस व्यासपीठावर उभा राहिला म्हणजे तो हजार विड्यांच्या दराविषयी, महागाईभत्त्याविषयी किंवा फार झाले तर भविष्य निर्वाह निधीविषयी बोलणार, असे श्रोते धरूनच चालतात. आजचा विषय आम्ही कळविला तेव्हा व्याख्यानमालेच्या चालकांनाही थोडे नवल वाटले. "या विषयावर एखाद्या डॉक्टरांना बोलवावे काय?" असे त्यांनी मोठ्या सौजन्याने विचारले. आम्ही म्हटले, अवश्य बोलवा; आम्ही पहिल्या रांगेत बसून ऐकू. परंतु रोग बरा कसा करावयाचा हा जसा एक प्रश्न आहे, तसा रोग कशामुळे झाला हाही एक प्रश्न आहे. या दुसऱ्या प्रश्नाला माणसाची अब्रू, घरातली शांतता आणि कोणाचा तरी धंदा चिकटलेला असतो. जेथे या तीन गोष्टी एकत्र येतात तेथे कामगार संघटनेला बोलावणे येतेच.

आमची शाळा सातवीत सुटली. पुढचे शिक्षण झाले ते सार्वजनिक वाचनालयात, संघटनेच्या कचेरीत आणि कामगार न्यायालयाच्या व्हरांड्यात, मांडीवर शब्दकोश घेऊन. तेव्हा आज जे सांगणार आहोत ते आम्ही प्रयोगशाळेत पाहिलेले नाही. ज्यांनी पाहिले त्यांचे लिखाण वाचून आणि जाणकारांना विचारून ते समजून घेतलेले आहे. पुरावा तोलण्याची सवय मात्र आमची स्वतःची. तीस वर्षे खातेनिहाय चौकशांत कामगारांच्या बाजूने उभे राहून ती लागली, आणि आज तीच कामी येणार आहे.

प्रथम हा प्रश्न आमच्यापुढे आला कसा ते सांगतो. काही वर्षांपूर्वी आमच्या एका सभासद बाईंच्या यजमानांना घास गिळताना त्रास होऊ लागला. दुर्बिणीने तपासणी झाली, तुकडा काढून पाठविला, अन्ननलिकेचा कर्करोग निघाला. मनुष्य चाळीस वर्षे विडी ओढणारा, रात्री थोडी देशी घेणारा. परंतु एका शिकलेल्या नातलगाने मोबाइलवर कोठेसे वाचून सांगितले की, हा रोग एचपीव्ही नावाच्या विषाणूने होतो आणि तो विषाणू स्त्रीपुरुषसंबंधातून येतो. झाले! सासू सुनेकडे वेगळ्या नजरेने पाहू लागली, जावा कुजबुजू लागल्या. विड्या वळून ज्या बाईने घर चालविले ती नवऱ्याच्या उशाशी बसावयाची सोडून चुलीपाशी तोंड लपवू लागली. "दादा, हे खरं आहे का?" एवढेच तिने आम्हांला विचारले.

त्याच सुमारास एका बैठकीत कामगारांच्या आरोग्य-तपासणीचा विषय निघाला. तेव्हा मालकांच्या बाजूचे एक गृहस्थ हसत हसत म्हणाले, "अहो, आता तर शास्त्रज्ञच म्हणतात की कॅन्सर विषाणूने होतो. तंबाखूला उगाच कशाला बदनाम करता?"

पाहा, अर्धवट ऐकलेली गोष्ट एकच. पण तिने एका घरात निरपराध बाईला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले आणि दुसरीकडे जुन्या आरोपीची सुटका मागितली. म्हणून आम्ही ठरविले की, या विषाणूची रीतसर चौकशी व्हावयास हवी. आज त्या चौकशीचे कागद आपल्यापुढे ठेवीत आहोत.

आधी जागेचा पंचनामा करू. घशापासून जठरापर्यंत अन्न नेणारी सुमारे पंचवीस सेंटिमीटर लांबीची स्नायूंची नळी म्हणजे अन्ननलिका. तिच्या कर्करोगाचे मुख्य प्रकार दोन. नळीच्या आतल्या अस्तरात फरशीसारख्या एकावर एक रचलेल्या चपट्या पेशी असतात, त्यांतून उठणारा तो एक. खालच्या टोकाशी, जठरातले आम्ल वर्षानुवर्षे वर येऊन अस्तर बदलते, त्यातून उठणारा तो दुसरा. हा दुसरा प्रकार युरोप-अमेरिकेत लठ्ठपणाबरोबर वाढला. आपल्या देशात अधिक आढळतो तो पहिला, चपट्या पेशींचा. आणि आजची चौकशी त्याचीच आहे. रोग क्रूर आहे. २०२२ साली जगात सुमारे ५ लाख ११ हजार लोकांना तो नव्याने झाला आणि सुमारे ४ लाख ४५ हजार त्याने दगावले. नवे रोगी आणि मृत्यू यांचे आकडे इतके जवळ असावेत, यावरूनच रोग किती उशिरा ओळखला जातो ते ध्यानात येईल. नळी लवचिक असल्यामुळे गाठ बरीच वाढेपर्यंत घास जात राहतो. मग एके दिवशी भाकरी अडकते, पुढे मऊ भात अडकतो, शेवटी पाणीही उतरत नाही.

आता संशयित. ह्यूमन पॅपिलोमा व्हायरस म्हणजे माणसाला चामखिळी आणणाऱ्या विषाणूंचे कुटुंब. त्याचे दोनशेहून अधिक प्रकार आहेत. बहुतेक निरुपद्रवी, हातापायावर चामखीळ आणण्यापलीकडे त्यांची मजल जात नाही. डझनभर मात्र घातकी आहेत, आणि त्यांतले १६ आणि १८ क्रमांकाचे सर्वांत बदनाम. जर्मनीचे हाराल्ड त्सुर हाउझेन यांनी गर्भाशयाच्या मुखाचा कर्करोग या विषाणूमुळे होतो असे मांडले, तेव्हा फारसे कोणी ऐकून घेतले नाही. त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८३ साली क्रमांक १६ आणि १९८४ साली क्रमांक १८ गाठींतून शोधून काढला. २००८ साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. त्या रोगापुरता हा विषाणू गुन्हेगार आहे, याविषयी आज जाणकारांत दुमत नाही.

मग अन्ननलिकेच्या बाबतीत संशय का आला? संशयाला जागा होती, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. गर्भाशयाच्या मुखाचे बाहेरचे अस्तर आणि अन्ननलिकेचे अस्तर एकाच जातीचे, चपट्या पेशींचे. १९७८ साली स्कॉटलंडमध्ये जॅरेट यांनी दाखविले की, तेथील डोंगराळ कुरणांतल्या गुरांना अन्नमार्गाचे कर्करोग होतात. त्यांत गुरांचा चामखिळीचा विषाणू आणि ब्रॅकन नावाचा विषारी नेचा या दोघांचा मिळून हात असावा. १९८२ साली फिनलंडचे सिर्यानेन यांनी माणसाच्या अन्ननलिकेच्या गाठी सूक्ष्मदर्शकाखाली पाहिल्या. तेथे पेशींत तसेच बदल दिसले, जसे हा विषाणू इतरत्र घडवितो. म्हणजे फिर्याद खोडसाळ नव्हती. जाणत्या माणसाने डोळ्यांनी पाहून केलेली होती.

परंतु फिर्याद वेगळी आणि निकाल वेगळा. कारखान्यात चोरी झाली की त्या पाळीला जो हजर असेल त्याच्यावर आळ येतो. आमच्या उभ्या आयुष्यातली अर्धी कामे हीच. चौकशीत आम्ही काय विचारतो? पहिले, हा मनुष्य खरोखर हजर होता काय? दुसरे, चोरी झाली नाही तेथेही तो इतकाच असतो, की चोरी झाली तेथेच जास्त दिसतो? तिसरे, तो चोरीच्या आधी आला की नंतर? चौथे, कुलपावर त्याच्या हाताच्या खुणा आहेत काय? हेच चार प्रश्न विषाणूला विचारू.

पहिला प्रश्न हजेरीचा. गर्भाशयाच्या मुखाच्या गाठी १९९९ साली अनेक देशांतून गोळा करून तपासल्या, तेव्हा हजारात ९९७ गाठींत विषाणू सापडला. हजेरीपट असा असावा! अन्ननलिकेच्या बाबतीत मात्र जगभरच्या तपासण्यांचे आकडे एकमेकांशी बोलतच नाहीत. कोठे शंभरात एकही नाही, तर कोठे निम्म्याहून अधिक. देशादेशांत फरक असू शकतो, हे खरे. परंतु तपासणीच्या रीतीतही दोष राहू शकतो. पीसीआर नावाची जी चाचणी आहे, ती विषाणूच्या एका कणाच्या लक्षावधी नकला काढून तो दृष्टीस पाडते. गाठ कापणाऱ्या पात्याला किंवा टेबलाला आधीच्या नमुन्याचा कण चिकटलेला असला तर त्याचीही नक्कल निघते. करोनाच्या साथीत या चाचणीचे नाव आपल्या घराघरांत पोचले. तेव्हा ती किती बारीक पाहते हे सांगण्याची गरज नाही. आणि बारीक पाहणारा डोळा धुळीचा कणही मोठा करून दाखवितो.

दुसरा प्रश्न तुलनेचा. येथे फिर्यादीच्या बाजूने एक पुरावा आहे आणि तो झाकून ठेवणे आम्हांला शोभणार नाही. अनेक छोट्या अभ्यासांची २०१३ साली एकत्र बेरीज केली गेली. रोग्यांच्या अन्ननलिकेत विषाणू सापडण्याची शक्यता निरोग्यांच्या मानाने सुमारे तिप्पट निघाली. हा आकडा लहान नाही. मात्र बेरीज ज्या अभ्यासांची होती ते बहुतेक छोटे, रीती निरनिराळ्या, आणि रोग्याचा तुकडा व निरोग्याचा नमुना सर्वत्र सारख्या काळजीने घेतलेला असतोच असे नाही. शिवाय गाठीचे अस्तर फाटलेले, सुजलेले असते. तेथे बाहेरचा पाहुणा मागाहून येऊन बसला, असेही होऊ शकते. मोडक्या दाराच्या घरात भटके कुत्रे शिरले म्हणून दार त्यानेच मोडले असे ठरत नाही.

म्हणून तिसरा प्रश्न, आधी की नंतर? विषाणू शरीरात येऊन गेला की रक्तात त्याच्याविरुद्ध प्रतिपिंडे राहतात, म्हणजे पोलिसांच्या दप्तरातली जुनी नोंद म्हणा. निरनिराळ्या देशांतल्या सहा अभ्यासांचे रक्त एकत्र तपासून २०१२ साली निष्कर्ष प्रसिद्ध झाले. सुमारे दीड हजार रोगी आणि अडीच हजार निरोगी माणसे त्यांत होती. रोग्यांच्या रक्तात ही जुनी नोंद निरोग्यांहून ठळकपणे जास्त असावयास हवी होती. ती तशी निघाली नाही. संबंधाचा पुरावा अगदी तुटपुंजा मिळाला.

चौथा प्रश्न हाताच्या खुणांचा, आणि आमच्या मते हाच सर्वांत निर्णायक. हा विषाणू कर्करोग घडवितो तो कसा, हे आता चांगले ठाऊक आहे. आपल्या प्रत्येक पेशीत पी-५३ नावाचे एक प्रथिन पहारेकऱ्याचे काम करते. पेशीत बिघाड झाला तर ते तिची वाढ थांबविते, नाही जमले तर तिला मरावयास लावते. विषाणू स्वतःची दोन प्रथिने बनवितो, ई-६ आणि ई-७. ई-६ या पहारेकऱ्याला नाहीसा करते, आणि ई-७ दुसऱ्या पहारेकऱ्याला पकडून ठेवते. ज्या पेशीत विषाणूने पहारेकरी असा दूर केला, तेथे पी-५३चे मूळ लिखाण, म्हणजे त्याचा जनुक, सहसा शाबूत असतो. तो बिघडविण्याची गरजच उरलेली नसते. याच्या उलट तंबाखूच्या धुरातली द्रव्ये थेट जनुकावर घाव घालतात. २०१७ साली अमेरिकेच्या एका मोठ्या प्रकल्पात अन्ननलिकेच्या दीडशेहून अधिक गाठींच्या जनुकांचे वाचन झाले. चपट्या पेशींच्या बहुतेक सर्व गाठींत पी-५३चा जनुकच तुटलेला निघाला. विषाणू या रोगाचे कारण असल्याचा पुरावा संशोधकांना मिळाला नाही, आणि तसे त्यांनी स्पष्ट लिहिले. कुलूप किल्लीने उघडलेले नव्हते, पहारीने फोडलेले होते. आणि ज्याच्यावर आळ होता त्याच्याजवळ फक्त किल्ली होती.

आता निकाल. कर्करोगाच्या कारणांची छाननी करणारी जागतिक आरोग्य संघटनेची एक संस्था फ्रान्समध्ये लियाँ येथे आहे. तिने २०१२ साली प्रसिद्ध केलेल्या छाननीत गर्भाशयाचे मुख, योनी, शिश्न, गुदद्वार, तोंड, टॉन्सिल व घशाचा मागचा भाग येथील कर्करोगांशी क्रमांक १६च्या विषाणूचा संबंध सिद्ध धरला आहे. त्या यादीत अन्ननलिका नाही. ध्यानात घ्या, घसा आहे आणि अन्ननलिका नाही. दोन्ही जागांत अंतर वीतभराचे, पण शास्त्राच्या दृष्टीने ती दोन वेगळी प्रकरणे आहेत. वर्तमानपत्रात घशाविषयी छापून येते ते खरेच असते. ते वाचणारा एक वीत खाली घसरतो, आणि तेवढ्यात एका बाईचा संसार हलतो.

संशोधन संपलेले नाही. एखाद्या प्रदेशात, थोड्या रोग्यांत, दुसऱ्या कारणाच्या जोडीने या विषाणूचा काही हात असेलही. स्कॉटलंडच्या गुरांची गोष्ट विसरून चालणार नाही. परंतु आजवरच्या पुराव्यावर त्याला या गुन्ह्यासाठी शिक्षा देता येत नाही.

मग खरे आरोपी कोण? ते फरारी नाहीत, आपल्यातच राजरोस हिंडत आहेत. मुंबईत गिरणगावाच्या मध्यभागी, परळला, १९४१ साली टाटा रुग्णालय उभे राहिले. त्याच मुंबईत डॉ. खानोलकर, डॉ. सांघवी आणि डॉ. राव यांनी तंबाखू ओढणे व खाणे यांचा अन्नमार्गाच्या वरच्या भागातील कर्करोगांशी असलेला संबंध १९५५ साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये मांडला. डॉ. जस्सावाला यांच्या प्रयत्नांतून मुंबईत १९६३पासून कर्करोगाच्या रोग्यांची नोंदवही सुरू झाली. विडी, सिगारेट, जर्दा, मावा, गुटखा आणि आमच्या आयाबहिणी दातांना लावतात ती मिश्री, ही सगळी एकाच घराण्यातली. नुसती सुपारी चघळणेही घातक आहे, असा निर्वाळा लियाँच्या संस्थेने २००४ साली दिला. गुटख्यावर महाराष्ट्रात २०१२ साली बंदी आली. परंतु पुड्या कोठे मिळतात हे या सभागृहातल्या कोणालाही विचारावे लागणार नाही.

दुसरा आरोपी दारू. फ्रान्सच्या ब्रिटनी भागात टुइन्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७७ साली दाखविले की, दारू आणि तंबाखू दोन्ही भरपूर घेणाऱ्यांत या रोगाचा धोका दोहोंची बेरीज होऊन थांबत नाही, तर गुणाकाराने वाढतो. तिसरा आरोपी ऐकून आपण हसाल. तो म्हणजे कढत चहा. पासष्ट अंशांहून गरम पेय पिण्याने बहुधा अन्ननलिकेचा कर्करोग होतो, असे त्याच संस्थेने २०१६ साली ठरविले. इराणच्या गोलेस्तान प्रांतात सुमारे ५० हजार लोकांवर वर्षानुवर्षे नजर ठेवली, तेव्हा साठ अंशांहून गरम चहा भरपूर पिणाऱ्यांत धोका जवळजवळ दुप्पट आढळला. यात दोष चहाचा नाही, चटक्याचा आहे. आपले आजोबा बशीत ओतून फुंकून पीत, तेच बरे होते. पाळीच्या दहा मिनिटांच्या सुट्टीत उभ्याउभ्या घोट घशाखाली ढकलावा लागतो; तेव्हा चहाला निवावयास वेळ मिळणे हीसुद्धा एक कामगार मागणी ठरते!

चौथा आरोपी आपल्या चळवळीच्या चांगल्या ओळखीचा आहे. चीनच्या होनान प्रांतात लिनशियान नावाचा डोंगराळ, कोरडवाहू तालुका आहे. आज त्याला लिनचौ म्हणतात. या रोगाने तेथे इतकी माणसे नेली की जगाचे लक्ष त्याकडे गेले. दारू आणि तंबाखू यांनी तेथला हिशेब जुळत नाही. तेथल्या गाठींत विषाणूही शोधला. काटेकोर रीतीने पाहिल्यावर तो कारण असल्याचे दिसले नाही. संशय होता तो निकृष्ट आहारावर. १९८६ ते १९९१ या काळात तेथील सुमारे ३० हजार लोकांना निरनिराळी जीवनसत्त्वे व क्षार देऊन पाहिले. बीटा-कॅरोटिन, ई जीवनसत्त्व आणि सेलेनियम ही तीन एकत्र मिळालेल्यांत एकूण मृत्यू ९ टक्क्यांनी कमी झाले. फायदा ठळक दिसला तो जठराच्या कर्करोगात. अन्ननलिकेत तो तसा ठामपणे दिसला नाही. यावरून गोळ्यांनी रोग टळतो असे कोणी समजू नये. मात्र ज्या ताटात वर्षभर भाजीफळ नाही त्या ताटाचा या रोगाशी संबंध आहे, हे इतरही अनेक पाहण्यांतून पुढे आले आहे. ते ताट भरणे डॉक्टरांच्या हातात नाही. मजुरी ठरविणाऱ्यांच्या हातात आहे.

आता त्या बाईंना आम्ही काय सांगितले ते ऐका. आम्ही म्हटले, "ताई, हे खरं नाही. यजमानांचा रोग तुमच्यामुळे आलेला नाही." आणि सासूबाईंना समोर बसवून आणखी एक गोष्ट सांगितली, ती आपणांसही सांगतो. समजा, हा विषाणू एखाद्याच्या शरीरात खरोखरच सापडला, तरी त्यावरून कोणाचे चारित्र्य ठरत नाही. संसार करणाऱ्या बहुतेक स्त्रीपुरुषांना आयुष्यात कधी ना कधी त्याची लागण होऊन जाते. बहुतेकांच्या शरीरातून तो वर्षा-दोन वर्षांत आपोआप नाहीसा होतो. कोणाकडून आला, केव्हा आला, हे सांगणारी चाचणी कोणाजवळही नाही. तेव्हा ज्या घरात हा शब्द शिरेल त्या घराने तो औषधाच्या चिठ्ठीवर ठेवावा, भांडणात आणू नये.

आणि त्या गृहस्थांना आम्ही सांगितले की, विषाणूने केलेल्या कर्करोगांची यादी लांब असली तरी तंबाखूने केलेल्या कर्करोगांची यादी त्यामुळे एका ओळीनेही आखूड होत नाही. एका चोराला पकडले म्हणून दुसऱ्याचे आरोपपत्र फाडीत नाहीत.

येथे सभागृहात कोणीतरी मनात म्हणत असेल, "हे विडी कामगारांचे पुढारी, आणि विडीविरुद्ध बोलतात! उद्या विडी बंद झाली तर यांच्या बायाबापड्या खातील काय?" प्रश्न रास्त आहे, आणि आमच्याच सभांत तो आम्हांला विचारला जातो. आमचे उत्तर असे. विडी वळणारी बाई सूप मांडीवर घेऊन दिवसभर तंबाखूची धूळ हुंगते. नापास झालेली छाट विडी तिच्याच घरात ओढली जाते, आणि मिश्रीही तिच्याच दातांना लागते. म्हणजे या मालाचे पहिले गिऱ्हाईक आणि पहिला बळी आमचाच माणूस. विडी कामगारांसाठी १९६६ साली वेगळा कायदा झाला, १९७६ साली कल्याणनिधीचा उपकर आला. तो उपकर नव्या करपद्धतीबरोबर २०१७ साली उठविला गेला. दवाखान्याची दारे यापूर्वीही आमच्यासाठी सताड उघडी नव्हती. अशा वेळी धंद्याची अब्रू राखण्यासाठी आमच्या सभासदांनी आपल्या रोगाचे कारण झाकून ठेवावे, असे कलम आम्ही आजवर सही केलेल्या एकाही करारात नाही. आमची मागणी सरळ आहे. माणसाला या धंद्यातून बाहेर पडावयाचे असेल तर पोटापुरते दुसरे काम शिकविण्याची जबाबदारी सरकारने आणि मालकांनी घ्यावी. जो बाहेर पडू शकत नाही त्याच्या तपासणीचा आणि उपचाराचा खर्च धंद्याने सोसावा. मुलगी तरी सुपापाशी बसू नये, यासाठी तिच्या शाळेची व्यवस्था व्हावी. यात विडी कामगाराशी द्रोह कोठे आहे?

एक गोष्ट उरली; ती सांगितली नाही तर विषाणूची सुटका ऐकून आपण भलताच समज घेऊन घरी जाल. अन्ननलिकेच्या खटल्यात पुराव्याअभावी सुटलेला हा आरोपी गर्भाशयमुखाच्या खटल्यात पुरता दोषी आहे. २०२२ साली आपल्या देशात सव्वा लाखाहून अधिक स्त्रियांना तो कर्करोग झाला आणि सुमारे ८० हजार स्त्रिया त्याने दगावल्या. त्यावर उपाय आहे, आणि तो आपल्याच मातीत तपासला गेला आहे. बार्शीच्या कर्करोग रुग्णालयाच्या आधाराने तेव्हाच्या उस्मानाबाद, आजच्या धाराशिव जिल्ह्यात, खेड्यापाड्यांतल्या १ लाख ३१ हजारांहून अधिक स्त्रियांचा १९९९पासून अभ्यास झाला. ज्या गटाला या विषाणूची चाचणी आयुष्यात फक्त एकदा देऊ केली, त्या गटात गर्भाशयमुखाच्या कर्करोगाचे मृत्यू जवळजवळ निम्म्याने कमी झाले. २००९ साली हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले आणि जगाने त्यांची दखल घेतली. त्या अभ्यासात सामील झालेल्या शेतमजूर बायांचे उपकार जगभरच्या स्त्रियांवर आहेत, असे आम्ही मानतो.

लसही आहे. पुण्यात तयार झालेल्या लशीला २०२२ साली सरकारची परवानगी मिळाली. नऊ ते चौदा वर्षांच्या मुलींना एक किंवा दोन मात्रा पुरतात, असे जागतिक आरोग्य संघटनेने त्याच वर्षी सांगितले. लस टोचली म्हणून अन्ननलिका सुरक्षित झाली असे कोणी समजू नये, आणि अन्ननलिकेशी संबंध नाही म्हणून लस नको असेही कोणी म्हणू नये. "इतक्या लहान मुलीला या रोगाची लस कशाला?" असे विचारणारे बाप आम्हांला भेटतात. त्यांना आम्ही म्हणतो, छत्री पाऊस येण्याच्या आधी घेतात.

तेव्हा आपल्या हाती काय आहे? घास अडकतो, गिळताना दुखते, किंवा कारण नसता वजन उतरते, असे दोन-तीन आठवडे चालले तर पित्त म्हणून गोळ्या खात बसू नका. दुर्बिणीने तपासणी करून घ्या. एक दिवसाची मजुरी बुडेल, हे आम्ही जाणतो. संघटनेत असाल तर संघटनेला सांगा. ती मजुरी भरून काढण्याची सोय करणे हे संघटनेचे काम आहे. विडी, तंबाखू, मिश्री, सुपारी, दारू यांतले जे सुटेल ते आज सोडा. एक सोडले तरी गुणाकारातला एक आकडा गळतो. चहा निवू द्या. घरातल्या तीस वर्षांवरच्या स्त्रियांची तपासणी आणि मुलींची लस यांची चौकशी जवळच्या सरकारी दवाखान्यात करा. आणि रोगी घरात असेल तर कारणाच्या शोधात माणसाला दोषी ठरवू नका.

पुरावा मागण्याची सवय श्रीमंतांनीच ठेवावी असा नियम नाही. ज्याच्यावर आळ यावयाला वेळ लागत नाही आणि ज्याची बाजू ऐकावयाला कोणाला वेळ नसतो, अशा माणसाला ती अधिक हवी. आमच्यासारख्या सातवी शिकलेल्या माणसाला हे कागद वाचता आले, ते गावात वाचनालय होते म्हणून. ते वाचनालय आणि ही व्याख्यानमाला आपण वर्गणी देऊन चालू ठेविली आहे. तिचा उपयोग असाच पुढेही होत राहो.